नमुना चौदा आणि मुक्याचं तळं

माणसावर विश्वास ठेवू नये असं मी कधीच म्हणत नाही. ठेवावा, पण लेखी घ्यावा. पालिकेच्या परवाना खिडकीमागे एकतीस वर्षं बसून मी एवढं एकच ज्ञान कमावलं. "केसीसाहेब, मागच्या अंगणात लाकडं ठेवायला छोटीशी टपरी टाकतोय" असं म्हणणारा माणूस सहा महिन्यांनी त्याच टपरीच्या वरच्या मजल्यावरून मला हात करतो, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. त्याच्या मागे बायको पडदे लावत होती.

त्यामुळे निवृत्त झाल्यावर मी जेव्हा जाहीर केलं, की यंदाच्या हिवाळ्यात दर शनिवारी मी लोकांना पायात बर्फजोडे घालून जंगलातून मुक्याच्या तळ्यापर्यंत फिरवून आणणार आहे, तेव्हा अख्ख्या गावानं माझ्याकडे डोळे बारीक करून पाहिलं. मला त्याचा राग आला. डोळे बारीक करून पाहणं हे आजवर माझं काम होतं.

"पण का?" माझी बायको फर्नांद म्हणाली. "टपालपेटीपर्यंत जायला तू गाडी काढतोस, रोझेर."

"निसर्ग," मी म्हणालो.

"खरं कारण सांग."

खरं कारण मी कुणालाच सांगितलं नव्हतं. इथे सांगतो, कारण आता लपवण्यासारखं काही उरलेलं नाही. जानेवारीत तळं गोठलं की त्यावर तीसेक खोपटं उभी राहतात. आत शेगडी, बाकडं, बर्फात भोक पाडून सोडलेला गळ. धुराडी चालू असतात, आतून हसण्याचे आवाज येतात, कुणीतरी व्हायोलिन वाजवतं. गावातला प्रत्येक माणूस कुणाच्या ना कुणाच्या खोपटात बसलेला आहे. मी सोडून. मी बर्फावर पाऊल ठेवलं की आधी व्हायोलिन थांबायचं, मग हसणं, मग एकेका दाराची कडी आतून लागायची. नियमाप्रमाणे प्रत्येक खोपटावर परवान्याचा क्रमांक हवा. एकतीस वर्षांत मी चार परवाने दिले, त्यातले दोन एकाच माणसाला. दार ठोठावलं की आतून आवाज यायचा, "कुणी नाहीये." मी उणे वीसमध्ये हातात वही घेऊन उभा, आणि आत कुणीतरी बटाटे परततंय.

तर माझा हिशेब असा होता, की परवानेवाल्याला दार उघडत नसतील, पण पाहुणे घेऊन आलेल्या वाटाड्याला कोण नाही म्हणेल? एकदा, फक्त एकदा, मला आत बसायचं होतं.

जाहिरात मी स्वतः लिहिली आणि उगेतच्या दुकानात काउंटरमागे लावायला दिली. उगेत बोआवेर म्हणजे आमच्या गावचं वर्तमानपत्र. फरक एवढाच, की वर्तमानपत्र रविवारी बंद असतं. तिनं चष्मा कपाळावरून नाकावर घेतला.

" 'मुक्याच्या तळ्यावर पारंपरिक खोपटं दाखवली जातील.' कुणाला?"

"पाहुण्यांना."

"कसले पाहुणे? वरून आलेले?" आमच्याकडे 'वरून' म्हणजे स्वर्गातून नव्हे, सरकारकडून.

"कुठूनही आलेले. तिथे बसून गरम वाटाण्याचं सूप प्यायचं."

"कुणाच्या खोपटात?"

"ते ठरेल."

"असं," उगेत म्हणाली. या 'असं'मध्ये तिनं जेवढा संशय भरला, तेवढा मला एका पूर्ण पंचनाम्यात कधी भरता आला नाही.

आता परवाना. मी कायद्यानं चालणारा माणूस, म्हणून अर्ज घेऊन माझ्याच जुन्या खिडकीपाशी गेलो. माझ्या खुर्चीत नोएमी बसली होती. चार महिन्यांपूर्वी त्रुआ-रिव्हियेरहून आलेली, माझ्याच हाताखाली काम शिकलेली, हुशार, नम्र. आणि तिनं माझं रोपटं खिडकीतून हलवून कपाटावर ठेवलं होतं. मी फक्त रोपट्याकडे पाहिलं.

"केसीसाहेब, हा नमुना चौदा," ती म्हणाली. "समूहाला जंगलातून नेण्याबाबत. अर्ज पहिल्या बर्फाच्या नव्वद दिवस आधी यायला हवा."

"पहिला बर्फ कधी पडणार हे नव्वद दिवस आधी कुणाला कळतं?"

"हाच प्रश्न गेतां लाव्हेर्न यांनी विचारला होता. बारा वर्षांपूर्वी, घोड्याची घसरगाडी चालवायची होती त्यांना. तुमचं उत्तर फायलीत आहे."

"काय होतं?"

तिनं फाईल उघडली आणि जराही न हसता वाचलं, " 'तो अर्जदाराचा प्रश्न आहे.' "

हस्ताक्षर सुंदर होतं, हे मला मान्य करावं लागलं. नमुना चौदा मीच तयार केला होता, गेतांच्या घोड्यासाठीच. तो घोडा माझ्या कुंपणातली कोबी खायचा. आता त्यात वाटेतल्या प्रत्येक जमीनमालकाची सही, प्रसाधनगृहाचा आराखडा आणि प्रमाणित नकाशाच्या तीन प्रती अशी कलमं होती. एकेक कलम वाचताना मला लिहिणाऱ्याचा मनापासून राग येत होता.

"नामंजूर करावा लागेल," नोएमी म्हणाली. "वाईट वाटतं."

मी तेवढंही कधी म्हणालो नव्हतो. मी टोपी घातली, मान ताठ ठेवली आणि बाहेर पडलो. मान इतकी ताठ होती, की दाराच्या पायरीवरचा बर्फ दिसला नाही. उठताना कुणी पाहिलं का हे पाहिलं, तर खिडकीतून नोएमी पाहत होती. त्या क्षणी मी आयुष्यातला पहिला बेकायदा निर्णय घेतला. परवाना गेला खड्ड्यात, शनिवारी फेरी निघणार.

बर्फजोडे माझ्याकडे होते. वडिलांचे. लाकडी चौकट, आत कच्च्या चामड्याच्या वाद्यांचं जाळं. वीस वर्षं दिवाणखान्याच्या भिंतीवर शोभेला टांगलेले; एकावर फर्नांद पत्रं अडकवायची. वाद्या वाळून काटक्या झाल्या होत्या. आता यावर काय करावं, हे मी गावात एकालाच विचारलं, आणि पाच जणांनी सांगितलं. उगेतचा नवरा नॉर्मां म्हणाला, व्हार्निश. शाळेच्या निवृत्त बाई मादाम तिव्हियेर्ज म्हणाल्या, "व्हार्निश अजिबात नाही, कोमट पाण्यात भिजव." बोर्दलो बंधू, जे जुळे नसूनही एकच वाक्य दोघांत वाटून बोलतात, म्हणाले, "आधी पाणी..." "...मग व्हार्निश."

आणि गेतां. तो माझा शेजारी. जंगलाची वाट त्याच्याच जमिनीतून जाते. कुंपणावर कोपरं टेकून तो म्हणाला, "डुकराची चरबी चोळ, रोझेर. माझा बाप तेच करायचा."

"तुला काय फायदा?"

"मला?"

"सल्ल्यात."

"अरे बाबा, चरबी आहे ती. मृत्युपत्र नाही."

माझा विश्वास बसला नाही, पण पाणी आणि व्हार्निश दोन्ही करून झालं होतं आणि वाद्यांतून आता पायाखाली वाळलेली फांदी मोडावी तसा आवाज येत होता. म्हणून चरबी चोळली आणि जोडे मागच्या ओट्यावर ठेवले. दीड तासानं गेलो, तर गेतांचा कुत्रा कापितेन उजवा जोडा पुढच्या दोन पायांत धरून, डोळे मिटून, अत्यंत सुखानं खात होता. अर्धं जाळं पोटात गेलं होतं.

"चरबी चोळून बाहेर ठेवलीस?" गेतां कुंपणावरून म्हणाला. "अरे, कुत्रा असलेल्या गावात?"

"तो तुझा कुत्रा आहे!"

"म्हणून तर मला माहीत आहे."

हा कट होता की नाही, यावर मी आजही ठाम मत बनवलेलं नाही. उरलेल्या भोकात मी कपडे वाळत घालायची नायलॉनची दोरी विणली. वडिलांनी पाहिलं असतं तर बोलले नसते, नुसते उठून गेले असते.

वाट आदल्या दिवशी तुडवून ठेवावी लागते, म्हणजे रात्रीच्या गारठ्यात ती घट्ट बसते आणि दुसऱ्या दिवशी माणसं रुतत नाहीत. शुक्रवारी दुपारी मी तीन फेऱ्या मारल्या. तिसऱ्या फेरीला, तळ्याच्या अलीकडे देवदारांच्या दाटीत, माझ्या वाटेला आडवे घसरणीचे पट्टे दिसले. रुंद, खोल, ताजे. काहीतरी जड ओढून नेल्याचे. एक नाही, आठ-दहा. बाजूला स्नोमोबाइलचे, म्हणजे बर्फावरच्या मोटारसायकलींचे, माग.

मी तिथेच उभा राहून सगळं ओळखलं. घसरगाडी! गेतां बारा वर्षांपूर्वीची घोड्याची घसरगाडी आता सुरू करत होता, माझ्या जाहिरातीवर, माझ्या वाटेवर. म्हणूनच ती चरबी. म्हणूनच कुंपणावरचं ते निर्मळ तोंड. घरी येऊन मी फर्नांदला सांगितलं.

"गेतांचा घोडा सहा वर्षांपूर्वी मेला," ती म्हणाली.

"दुसरा घेतला असेल."

"कुठे ठेवलाय? न्हाणीघरात?" आणि ती घाईनं बाहेर पडली. शुक्रवार हा तिचा चर्चमधल्या गायनाच्या सरावाचा दिवस.

नंतर मी उगेतच्या दुकानात जाऊन नावनोंदणीची वही पाहिली. गुरुवारपर्यंत एकही नाव नव्हतं, आणि आता सात. गेतां लाव्हेर्न. उगेत आणि नॉर्मां. दोन्ही बोर्दलो. मादाम तिव्हियेर्ज, वय एक्क्याऐंशी. आणि सातवं नाव फर्नांद केसी. बाहेरगावचा एकही पाहुणा नाही. सगळे गावचे, जन्मापासून ते तळं पाहणारे, तिथे फिरायला का येत होते? हा प्रश्न मी सातही जणांना स्वतंत्रपणे विचारला. सातही जणांनी एकच उत्तर दिलं.

"निसर्ग."

शनिवारी सकाळी उणे बावीस. मी वडिलांचा लाल विणलेला कमरपट्टा बांधला होता, हातात काठी, मागे छोट्या घसरपाटीवर वाटाण्याच्या सुपाचं झाकणबंद भांडं. सात जण रांगेत उभे. माझ्याकडे कुणी बघत नव्हतं आणि सगळे माझ्यावर नजर ठेवून होते.

"वाट सोडायची नाही," मी म्हणालो.

"तू पण सोडू नकोस," गेतां म्हणाला.

जंगल सुंदर होतं, असं नंतर मादाम तिव्हियेर्ज यांनी सांगितलं. मला पाहता आलं नाही, कारण मी सारखा मागे वळून कोण काय कुजबुजतंय ते पाहत होतो. वळून पाहताना चालणं हे बर्फजोड्यांना मान्य नसतं. एक जोडा दुसऱ्यावर पडतो आणि माणूस स्वतःच्याच पायावर उभा राहून स्वतःला ओढत बसतो. दोनदा पडलो. तिसऱ्यांदा नायलॉनची दोरी सुटली आणि उजवा पाय जाळ्यातून आरपार मांडीपर्यंत बर्फात गेला. वाटाड्या जमिनीत, आणि समूह वर.

"हे फेरीत धरलेलं आहे का," उगेतनं विचारलं, "की खास आमच्यासाठी?"

बोर्दलो बंधूंनी ओढलं, "एक..." "...दोन." पाय निघाला, बूट राहिला. एक्क्याऐंशी वर्षांच्या मादामांनी गुडघ्यावर बसून तो खोदून काढला आणि बर्फ झटकून माझ्या हातात दिला, अगदी पहिलीतल्या मुलाच्या हातात द्यावा तसा. पुढे देवदारांच्या दाटीजवळ सगळे एकाएकी मोठमोठ्यानं बोलायला लागले. उजवीकडे पाहिलं की गेतां डावीकडचा खारीचा माग दाखवायचा. खार तिथे गेल्या दहा वर्षांत आली नसावी.

आणि मग झाडं संपली, तळं आलं.

मोकळं. या टोकापासून त्या टोकापर्यंत पांढरं, सपाट, मोकळं. एक खोपट नाही. एक धुराडं नाही. फेब्रुवारीच्या मध्यावर मुक्याच्या तळ्यावर नुसता वारा. जिथे जिथे खोपटं असायची तिथे फक्त चौकोनी डाग उरले होते.

"खोपटं कुठायत?" मी विचारलं.

"कसली खोपटं?" सातही जण म्हणाले. फर्नांदसुद्धा.

मला समजायला थोडा वेळ लागला. ते पट्टे. माझ्या जाहिरातीतलं 'दाखवली जातील'. परवानेवाला केसी निवृत्तीचं सोंग घेऊन, वरची माणसं पाहुणे म्हणून आणून, बिनपरवान्याची खोपटं दाखवणार आहे, असं गावानं गृहीत धरलं होतं. तीस खोपटं रातोरात गोठल्या तळ्यावरून ओढून जंगलात लपवली होती, आणि मी वाट सोडून तिकडे जाऊ नये म्हणून सात जण माझ्यावर पहारा द्यायला आले होते. संशय घ्यायचं काम मी एकतीस वर्षं केलं, पण इतकी मेहनत कधी केली नव्हती.

वाईट वाटलं. विनोदाचा भाग सोडा, खरंच वाईट वाटलं. वाऱ्यात त्या भांड्याशेजारी उभा राहून मला वाटलं, आता घरी जावं आणि जोडे पुन्हा भिंतीवर टांगावेत. मादाम तिव्हियेर्ज यांचे ओठ निळे पडायला लागले होते. सूप प्यायला आडोसा नव्हता.

तेवढ्यात मला धूर दिसला. काठावरच्या देवदारांत, फांद्या टाकून झाकलेला एक पांढरा उंचवटा होता आणि त्याच्या डोक्यातून बारीक, निळसर धूर निघत होता. कुणीतरी शेगडी विझवायला विसरलं होतं.

सगळ्यांनी तो पाहिला. सगळ्यांनी लगेच दुसरीकडे पाहिलं.

"अस्वल," गेतां म्हणाला. "गुहेत झोपलंय. श्वास दिसतो थंडीत."

"त्याच्या श्वासाला परतलेल्या कांद्याचा वास येतोय, गेतां."

गेतांनं चर्चमधल्या तीन पवित्र वस्तूंची नावं एकामागून एक घेतली; आमच्याकडे शिव्या तिथूनच येतात. माझ्या खिशात अजून सवयीनं वही होती. त्यांना वाटलं मी ती काढणार.

"माझ्याकडे परवाना नाही," मी म्हणालो.

"कसला?"

"तुम्हाला फिरवायचा. नमुना चौदा नामंजूर झाला. ही फेरी बेकायदा आहे."

गेतां दोन पावलं पुढे आला. "नामंजूर? तुझा? कुठल्या कलमाखाली?"

"नव्वद दिवस."

गेतां हसायला लागला. हसता हसता बर्फात बसला, बसून आडवा झाला. "नव्वद... पहिल्या बर्फाच्या..." त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं आणि पापण्यांवर गोठलं. उगेतनं नॉर्मांच्या खांद्यावर डोकं ठेवून हसून घेतलं. मी ताठ उभा होतो. माझा अपमान होत होता, आणि तो थांबू नये असं मला आयुष्यात पहिल्यांदा वाटत होतं.

"चल ऊठ, रे अस्वला," मादाम तिव्हियेर्ज गेतांला म्हणाल्या. "मला थंडी वाजतेय. उघड ते."

फांद्या बाजूला झाल्या, आणि मी आत गेलो.

खोपट आतून माझ्या न्हाणीघराएवढं होतं. बाकडी, पत्त्यांचा जोड, शेगडीवर कांदा आणि बटाटे. आम्ही आठ जण गुडघ्याला गुडघा लावून बसलो आणि सूप गरम व्हायला ठेवलं. भिंतीवर खुंट्यांना कप टांगलेले होते, प्रत्येकावर रंगानं नाव. गेतां. उगेत. नॉर्मां. आणि चौथ्यावर, जुनाट, टवका उडालेल्या कपावर, फर्नांद.

मी गावातल्या प्रत्येकावर संशय घेतला होता. एक माणूस सोडून.

"गायनाचा सराव?" मी विचारलं.

"आम्ही गातो पण," ती म्हणाली. "कधी कधी. पत्ते झाल्यावर."

"किती वर्षं?"

"एकोणीस," बोर्दलो बंधू एकदमच म्हणाले, आणि स्वतःच दचकले.

फर्नांदनं तिचा कप काढला, सूप भरलं आणि माझ्या हातात दिला. "तुला सांगितलं असतं, तर तू मला परवाना मागितला असतास," ती हळू म्हणाली. हे खरं होतं. मी सूप प्यायलो. ते मीच केलं होतं, पण तिथे जास्त चांगलं लागलं.

तेवढ्यात दारावर टकटक झाली.

मी ती टकटक ओळखली. तीन ठोके, मध्ये थोडं अंतर. ती मीच नोएमीला शिकवली होती.

"कुणी नाहीये," नॉर्मां सवयीनं म्हणाला. उगेतनं त्याला कोपर मारलं. मग गेतांनं घसा साफ केला आणि अगदी मनापासून अस्वलासारखा गुरगुरला.

बाहेरून नोएमीचा नम्र आवाज आला. "दाराबाहेर बर्फात आठ जोड बर्फजोडे ओळीनं रोवून ठेवलेत. ते अस्वलांचे आहेत का?"

आम्ही एकमेकांकडे पाहिलं. अख्खं खोपट लपवलं, पण आत जाताना जोडे दाराशी उभे रोवायचे ही लहानपणापासूनची सवय कुणाला आठवलीच नाही.

"एका जोड्याला कपडे वाळत घालायची दोरी आहे," नोएमी पुढे म्हणाली. "केसीसाहेब, नामंजूर फेरीची चौकशी करायला आलेय मी. तुमच्याच मागावरून." आणि मग, जरा बारीक आवाजात, "फार थंडी आहे हो."

त्या दाराबाहेर उभं राहणं म्हणजे काय, हे आतल्या आठ जणांत एकट्या मलाच ठाऊक होतं. मी उठलो. गेतांनं माझा कमरपट्टा धरून मागे ओढलं, पण मी कडी काढली.

"आत या," मी म्हणालो. "आणि दार लावून घ्या, ऊब जाते."

ती आत आली, चष्म्यावर धुकं, नाक लाल. सगळ्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की मला पुन्हा खिडकीमागे बसल्यासारखं वाटलं. तिनं चष्मा पुसला, शेगडी पाहिली, कप पाहिले. मग हातमोजा काढून वही उघडली. काम ते काम. मीच शिकवलं होतं.

"हे खोपट कुणाचं आहे?"

एक क्षणही गेला नाही. सात बोटं माझ्याकडे वळली. गेतांचं सर्वांत आधी, मादाम तिव्हियेर्ज यांचं जराही न थरथरता, आणि फर्नांदचं तर माझ्या बरगडीत रुतलं.

मी त्या बोटांकडे पाहिलं. मग टांगलेल्या कपांकडे, शेगडीकडे, दाराच्या कडीकडे.

"माझं," मी म्हणालो.

नोएमीनं ते लिहून घेतलं, माझी सही घेतली, आणि मग गेतांनं सरकून तिला बाकावर जागा करून दिली. चार महिन्यांत! मला एकतीस वर्षं लागली होती.

दंड झाला, तो मी भरला. खोपट गेतांच्या बापानं बांधलं, हे गावात सगळ्यांना माहीत आहे, आणि गेतां मला ते रोज ऐकवतो. पण नोंदवहीत मालक म्हणून रोझेर केसी असं स्वच्छ लिहिलंय, आणि तोंडी बोलण्यावर मी कधीच विश्वास ठेवत नाही.